इंजिन परवडेना, म्हणून गाडीच बदलली

फॉर्म्युला वनची शर्यत पहिल्यांदा बघणाऱ्याला दोन कोडी पडतात. पहिलं, या गाड्या मोटारीसारख्या का दिसत नाहीत. दुसरं नावांचं. मर्सिडीज आणि फेरारी समजतं, त्या कंपन्या मोटारी बनवतात. पण मॅकलारेन, विल्यम्स ही तर माणसांची आडनावं, आणि रेड बुल हे पेय. मग गाडी नक्की बनवतं कोण?

दोन्ही कोडी एकाच जागी सुटतात. ग्रां प्रीच्या मैदानात पहिल्यापासून दोन तऱ्हेचे लोक उतरत आलेत. एक कारखानेवाले. त्यांचा धंदा रस्त्यावरच्या मोटारी विकण्याचा, ओतशाळा स्वतःची, इंजिन स्वतःचं, आणि शर्यत ही जाहिरात. दुसरे गॅरेजवाले. त्यांना शर्यतीशिवाय दुसरं काही करायचं नसतं, पण इंजिन मात्र विकत आणावं लागतं. एन्झो फेरारी या दुसऱ्या मंडळींना ‘गाराजिस्ती’ म्हणायचा, आणि ते कौतुकाने नव्हे. माझं मत असं, की आजच्या गाडीचा आकार या गॅरेजवाल्यांनी ठरवला. ताकदीत बरोबरी जमत नव्हती, म्हणून उरलेल्या सगळ्या गाडीवर डोकं चालवणं त्यांना भाग पडलं.

ग्रां प्री म्हणजे फ्रेंचमध्ये ‘मोठं बक्षीस’. या नावाची पहिली मोठी मोटारशर्यत १९०६ च्या जूनमध्ये ल मां गावाजवळच्या रस्त्यांवर झाली, आणि तिच्यामागे भांडण होतं. त्याआधी गॉर्डन बेनेट चषकाच्या शर्यती व्हायच्या. नियम असा, की एका देशाने जास्तीत जास्त तीन गाड्या पाठवायच्या. फ्रान्समध्ये तेव्हा मोटारी बनवणाऱ्या कंपन्यांचं पीक आलेलं. ज्या देशात एखाद-दुसरा कारखाना त्यालाही तीन जागा, आणि फ्रान्सच्या सगळ्या कंपन्यांत मिळूनही तीनच. फ्रेंच क्लबने वैतागून स्वतःची शर्यत काढली. देशाचा हिशेबच नको, प्रत्येक कंपनीला तीन गाड्या. गाड्यांना देशाचे रंग द्यायची रीत तेवढी जुन्या चषकातून पुढे आली. फ्रान्सचा निळा, इंग्लंडचा हिरवा, जर्मनीचा पांढरा. इटलीने घेतलेला लाल फेरारीच्या अंगावर अजून आहे.

एक फेरी १०३ किलोमीटरची, दोन दिवसांत अशा बारा. जिंकला रेनोचा फेरेन्स सिस, मूळचा हंगेरीचा. इंजिन जवळजवळ १३ लिटरचं आणि सिलिंडर चारच, म्हणजे एकेका सिलिंडरच्या पोटात सव्वातीन लिटर जागा. ताकद हवी तर सिलिंडर मोठा करा, एवढंच गणित तेव्हा लोकांना माहीत होतं. पण सिसची शर्यत इंजिनाने जिंकली नाही. रस्त्यावरचं डांबर उन्हाने वितळलं, उडून चालकांच्या डोळ्यांत गेलं, आणि खालच्या खडीने टायर फाडले. टायर बदलायचं काम चालकाने आणि त्याच्या शेजारी बसलेल्या मेकॅनिकनेच करायचं असा नियम होता. फाटका टायर सुरीने कापून काढा, नवा खेचून चाकावर बसवा, हवा भरा, यात पाव तास सहज जायचा. सिसच्या मागच्या चाकांना मिशलॅं कंपनीची नवी सुटी रिम होती. नट सैल करायचे, टायरसकट रिम उतरवायची, आधीच हवा भरून ठेवलेली दुसरी चढवायची. चार मिनिटांच्या आत काम संपे. अशी रिम मोजक्याच गाड्यांकडे होती. बाकीचे रस्त्याच्या कडेला गुडघ्यांवर बसून टायर कापत असायचे, तोवर सिस पुढच्या गावात पोचलेला असे.

मोठ्या सिलिंडरचं गणित १९१२ मध्ये फसलं. दिएपच्या शर्यतीला फियाटने चौदा लिटरचं धूड आणलं. प्यूजोचं इंजिन ७.६ लिटरचं, आणि शर्यत जिंकली प्यूजोने. इंजिन हे शेवटी श्वास घेणारं यंत्र आहे. पोट किती मोठं यापेक्षा हवा किती वेळा आणि किती मोकळेपणाने आत-बाहेर होते याला महत्त्व. प्यूजोच्या प्रत्येक सिलिंडरला दोनाऐवजी चार झडपा होत्या, आणि त्या उघडणारे दोन कॅमशाफ्ट थेट इंजिनाच्या डोक्यावर बसवलेले. आजच्या बहुतेक पेट्रोल मोटारींत हीच रचना असते. गंमत म्हणजे हे इंजिन कंपनीच्या इंजिनिअरांनी काढलेलं नव्हतं. शर्यती चालवणारे काही ड्रायव्हर आणि एर्नेस्ट ऑंरी नावाचा स्विस ड्राफ्ट्समन यांचं ते काम. कंपनीतले पदवीधर त्यांना ‘शार्लाताँ’ म्हणत, म्हणजे भोंदू.

१९२० च्या दशकात सुपरचार्जर आला. इंजिनाबरोबर फिरणारा हा पंप हवा दाबून आत कोंबतो, त्यामुळे लहान इंजिनही मोठ्यासारखं ओढतं. १९२३ मध्ये फियाटने तो ग्रां प्रीत जिंकून दाखवला. पाठोपाठ बुगाटीची ‘३५’ नावाची गाडी आली, जी पैसेवाल्या हौशी माणसाला विकत घेऊन शर्यतीत उतरवता यायची. इथून एक फरक पडला, जो समजला की पुढची नावं सोपी होतात. गाडी बनवणारा वेगळा आणि ती शर्यतीत उतरवणारा वेगळा असू शकतो. फेरारीची सुरुवात नेमकी अशीच झाली. १९२९ मध्ये एन्झोने मोदेनाला जी ‘स्कुदेरिया’ काढली ती अल्फा रोमिओच्या गाड्या चालवणारी टीम होती. फेरारी नावाची गाडी यायला १९४७ उजाडलं.

आता ‘फॉर्म्युला’ या शब्दाचं. कोणत्या आकाराचं इंजिन, किती वजन, कोणतं इंधन, या आकड्यांच्या नियमाला फॉर्म्युला म्हणतात. तो करायचा वेग आवरण्यासाठी, आणि इंजिनिअर तो वाचतात ते त्यात काय लिहायचं राहिलंय हे बघायला. १९३४ चा नियम याचा नमुना. गाड्या फार वेगवान झाल्या, म्हणून गाडीचं वजन ७५० किलोंच्या आत ठेवायचं ठरलं. हिशेब असा, की हलक्या गाडीत मोठं इंजिन मावणार नाही. मर्सिडीज आणि ऑटो युनियन या जर्मन कंपन्यांनी नाझी सरकारच्या मदतीवर हलके मिश्रधातू वापरून गाड्या बांधल्या आणि वाचवलेलं वजन इंजिनात घातलं. १९३७ च्या मर्सिडीजची ताकद सहाशे अश्वशक्तीच्या जवळ गेली. नियम ज्यासाठी केला त्याच्या बरोबर उलटं झालं. वजन किलोभर जास्त भरलं म्हणून मर्सिडीजने रातोरात पांढरा रंग खरवडला आणि खालचा चंदेरी पत्रा उघडा पडला, अशी एक लाडकी गोष्ट आहे. ज्या शर्यतीची ती सांगतात तिला ७५० किलोंचा नियमच नव्हता, असं इतिहासकार दाखवून देतात. गोष्ट मात्र मरत नाही.

ऑटो युनियनची गाडी फर्डिनांड पोर्शने आखलेली, सोळा सिलिंडरांची, आणि इंजिन चालकाच्या पाठीमागे. म्हणजे आजच्या गाडीची मांडणी १९३४ लाच तयार होती. पण तिचं शेपूट वळणावर असं काही सटकायचं, की ती काबूत ठेवणारे ड्रायव्हर बोटांवर मोजण्याइतके. दोष बराचसा मागच्या सस्पेन्शनचा, म्हणजे चाकं गाडीला धरून धक्के झेलणाऱ्या जोडणीचा होता, पण लोकांनी बोट ठेवलं इंजिनाच्या जागेवर. पुढची वीस वर्षं मोठ्या कारखान्यांनी इंजिन पुढेच ठेवलं.

फॉर्म्युला वनचं जागतिक अजिंक्यपद १९५० मध्ये सुरू झालं. पहिली शर्यत १३ मे रोजी सिल्व्हरस्टोनला. अल्फा रोमिओची गाडी युद्धाआधीची, दीड लिटरची, सुपरचार्जरवाली, आणि इतकी अधाशी की एका लिटरात किलोमीटरभरही जात नसे. पहिली दोन्ही वर्षं विजेते अल्फाचेच, फारिना आणि फांजिओ. मात्र १९५१ मध्ये सिल्व्हरस्टोनलाच गोन्झालेसने फेरारीला अजिंक्यपदाच्या शर्यतीतला तिचा पहिला विजय दिला. साडेचार लिटरचं, सुपरचार्जर नसलेलं इंजिन कमी प्यायचं, थांबे कमी लागायचे. अल्फाने त्या वर्षाअखेर गाशा गुंडाळला. १९५४ मध्ये मर्सिडीज आली, पदार्पणाच्या शर्यतीत पहिला-दुसरा क्रमांक घेतला, दोन वर्षं राज्य केलं आणि १९५५ अखेर तीही गेली. कारखानेवाले असेच असतात. जिंकले की काम झालं म्हणून जातात, हरले की खर्च झाला म्हणून जातात.

मग लंडनजवळच्या सर्बिटनमध्ये एक गॅरेज होतं, चार्ल्स कूपर आणि त्याचा मुलगा जॉन यांचं. युद्ध संपल्यावर इंग्लंडात स्वस्तातल्या शर्यतींचा वर्ग निघाला, इंजिन फक्त पाचशे सीसीचं. कूपर बापलेकांनी १९४६ मध्ये दोन छोट्या फियाट गाड्यांचे पुढचे भाग पाठीला पाठ लावून जोडले आणि मोटरसायकलचं इंजिन घेतलं. ते साखळीने मागची चाकं फिरवणारं, म्हणून चाकांजवळच ठेवणं सोयीचं. इंजिन मागे गेलं ते एवढ्यासाठी. थोर विचार वगैरे काही नव्हता.

फायदे नंतर उमगले. इंजिन पुढे असलं की मागच्या चाकांपर्यंत फिरता दांडा न्यावा लागतो. तो चालकाच्या खालून किंवा शेजारून जातो, म्हणून चालक उंच बसतो आणि वारा त्याच्या छातीवर आदळतो. इंजिन मागे घेतलं की दांडा गेला, चालक खाली आला, गाडी बुटकी आणि हलकी झाली. शिवाय वजन मधोमध गोळा झालं. दोन्ही हातांत जड पुस्तकं घ्या, हात पसरून स्वतःभोवती वळून बघा, मग तीच पुस्तकं छातीशी धरून वळा. दुसऱ्या वेळी किती चटकन वळता आणि किती चटकन थांबता, तोच फरक वळणावर गाडीत पडतो. आणि हलक्या गाडीचे टायर कमी झिजतात.

हे सगळं १९ जानेवारी १९५८ ला ब्युनोस आयर्समध्ये जगाला दिसलं. स्टर्लिंग मॉसकडे रॉब वॉकरच्या खासगी टीमची कूपर होती, इंजिन जेमतेम दोन लिटरचं. समोर अडीच लिटरच्या फेरारी आणि मासेराटी. कूपरची चाकं चार नटांनी बसवलेली; इतरांच्या चाकाला मधोमध एकच मोठा नट, हातोडीचा टोला दिला की सुटणारा. मॉस टायर बदलायला थांबला तर संपलाच, हे सगळ्यांना दिसत होतं. म्हणून त्याच्या मेकॅनिकने पिटमध्ये टायर मांडून ठेवले, लगबगीचं नाटक केलं. फेरारीवाले निवांत राहिले, हा थांबेल तेव्हा गाठू. मॉस थांबलाच नाही. शेवटच्या फेऱ्यांत टायरच्या रबराखालचं कापड दिसू लागलं, तो तेलाच्या डागांवरून गाडी नेऊन टायर वाचवत राहिला, आणि २.७ सेकंदांनी जिंकला. १९५९ आणि १९६० चं अजिंक्यपद जॅक ब्रॅबमने कूपरमधून घेतलं. घोडा गाडी ओढतो, ढकलत नाही, अशा अर्थाचं एन्झो बोलल्याचं सांगतात. १९६१ मध्ये फेरारीचं इंजिनही मागे गेलं.

कूपरचं इंजिन कॉव्हेंट्री क्लायमॅक्सचं. आग विझवायच्या पंपांची इंजिनं बनवणारी ही कंपनी. ते कुणालाही विकत मिळायचं, आणि ज्यांनी ते घेतलं त्यांत लोटसचा कॉलिन चॅपमन होता. इंजिन सारखंच, तर फरक सांगाड्यात करायला हवा. तेव्हा गाडीचा सांगाडा म्हणजे जोडलेल्या नळ्यांचा पिंजरा, वरून पातळ पत्रा. १९६२ च्या लोटस २५ मध्ये चॅपमनने पिंजरा काढून टाकला आणि पत्र्यालाच सांगाडा केलं. कागदाचा ताव हातात धरला तर लोंबतो. त्याचीच सुरळी केली तर ताठ उभा राहतो. तसं अॅल्युमिनियमच्या पत्र्याची बंद पेटी केली की ती पिळवटत नाही, आणि वजनही वाढत नाही. सांगाडा पिळवटला नाही की सस्पेन्शन आपलं काम नेमकं करतं. चालकाला जवळजवळ उताणं झोपवलं. जिम क्लार्क या गाडीतून १९६३ चा विजेता झाला.

यापुढची पायरी म्हणजे माझ्या मते या सगळ्या इतिहासातला सर्वांत मोठा बदल, आणि तो एका इंजिनाचा आहे. १९६६ पासून इंजिनाची मर्यादा तीन लिटर झाली. क्लायमॅक्सने अंग काढून घेतलं. चॅपमनने फोर्डला पटवलं, फोर्डने एक लाख पौंडांचा करार केला, आणि नॉर्थॅम्प्टनच्या कॉसवर्थ या छोट्या कंपनीत कीथ डकवर्थने आठ सिलिंडरांचं डीएफव्ही आखलं. ताकद सुरुवातीला चारशे अश्वशक्तीच्या आसपास. पण ते गाडीत ‘बसवायचं’ नव्हतं. लोटस ४९ चा सांगाडा चालकाच्या पाठीशी संपतो. त्या भिंतीला इंजिन बोल्टांनी जोडलेलं, इंजिनाला गिअरबॉक्स, आणि मागची चाकं या दोघांना लटकलेली. मागचा सांगाडा नाहीच, इंजिन हेच गाडीचं कंबरडं. बोल्ट सोडले तर गाडीचे दोन तुकडे होतात. आधीही काहींनी असं करून पाहिलं होतं, पण नीट जमलं ते इथे. ४ जून १९६७ ला हॉलंडमध्ये झांडफोर्टला गाडी पहिल्यांदा उतरली. क्लार्कने ती त्याआधी चालवलेलीही नव्हती. तो जिंकला.

पुढच्या वर्षी फोर्डने हे इंजिन इतरांना विकायला काढलं, किंमत साडेसात हजार पौंड. यातून जे झालं ते कुणी ठरवून केलेलं नव्हतं. डीएफव्ही घ्या, ह्यूलंड कंपनीचा गिअरबॉक्स घ्या, अॅल्युमिनियमची पेटी ठोकणारे कारागीर गाठा, आणि तुम्ही ग्रां प्रीच्या गाडीचे निर्माते. मॅकलारेन, विल्यम्स, ब्रॅबम ही आडनावं या काळात बहरली. केन टिरेल हा लाकडाचा व्यापारी; सरे परगण्यातल्या ऑकमच्या वखारीतल्या शेडमध्ये त्याची टीम काम करायची. तिथे बनलेल्या गाडीतून जॅकी स्ट्यूअर्ट १९७१ मध्ये जगज्जेता झाला. १९६९ आणि १९७३ मध्ये अजिंक्यपदाची एकूण एक शर्यत डीएफव्हीने जिंकली. इंजिनाचे एकूण विजय १५५, शेवटचा १९८३ मध्ये डेट्रॉइटला, तोही टिरेलच्याच गाडीत.

पैसे कुठून आले, हेही त्याच वेळचं. १९६८ मध्ये लोटसने इंग्लंडचा हिरवा रंग पुसून सिगारेटच्या पाकिटाचे रंग चढवले. देशांचे रंग गेले, ब्रँडचे आले. रेड बुल त्याच वाटेने पुढे आलं.

सगळ्यांकडे एकच इंजिन असल्यावर भांडण कशावर? हवेवर. धावत्या मोटारीतून हात बाहेर काढून पंजा थोडा तिरपा केला की वारा हात उचलतो किंवा दाबतो. विमानाचा पंख उलटा बसवला की तो गाडीला रस्त्यावर दाबतो, टायर घट्ट पकडतात, वळण जोरात घेता येतं. वजन न वाढवता वजनाचा फायदा. १९६८ मध्ये गाड्यांवर पंख आले, वर्षभरात ते बारीक काठ्यांवर माणसाच्या उंचीला गेले. १९६९ मध्ये बार्सिलोनाच्या मॉन्ट्वीकला लोटसच्या दोन्ही गाड्यांचे पंख मोडले आणि दोन्ही आदळल्या. पुढच्याच शर्यतीत उंच पंखांवर बंदी आली. चॅपमनच्या हलकेपणाची ही दुसरी बाजू आहे, आणि ती सोडून त्याचं कौतुक करणं मला जमत नाही. त्याच्या गाड्या मोडायच्या. मॉन्ट्वीकला आदळलेल्या दोघांपैकी एक, योखेन रिंट, १९७० मध्ये मॉन्झाच्या सरावात लोटसमधूनच अडसरावर आदळून मेला, आणि त्या वर्षीचा जगज्जेता मरणोत्तर ठरला.

पंखापेक्षा मोठी जागा गाडीच्या पोटाखाली होती. लंडनच्या इम्पिरियल कॉलेजातल्या वाऱ्याच्या बोगद्यात लोटसचा पीटर राइट गाडीचं छोटं मॉडेल तपासत होता. आकडे काही केल्या जुळेनात. बघितलं तर वारा सुरू झाला की मॉडेलच्या दोन्ही बाजू खाली झुकत होत्या, जणू जमीन त्यांना ओढतेय. बाजू आणि जमीन यांच्यातली फट बुजवली, तर दाब आणखी वाढला. कारण असं. पोटाखालचा मार्ग आधी अरुंद आणि मागे रुंद होत गेलेला असेल, तर अरुंद जागेतून हवा वेगाने निघते आणि तिथला दाब उतरतो. वरची हवा मग सबंध गाडीलाच खाली दाबते. बाजूंना जमिनीला घासणारे पडदे लावले की बाहेरची हवा आत शिरत नाही. याला ग्राउंड इफेक्ट म्हणतात. १९७८ ची लोटस ७९ याच जोरावर मारियो अँड्रेटीला अजिंक्यपद देऊन गेली.

ब्रॅबमची मात्र अडचण झाली. त्यांचं अल्फा रोमिओचं बारा सिलिंडरांचं इंजिन चपटं आणि आडवं पसरलेलं. पोटाखाली हवेचा मार्ग काढायला जागाच नाही. गॉर्डन मरीने गाडीच्या मागे भला मोठा पंखा बसवला, जो खालची हवा उपसून काढायचा. हवेने दाब निर्माण करणारे हलते भाग चालत नव्हते. पण पंख्याचं मुख्य काम इंजिन थंड करणं आहे, असं त्यांनी कागदोपत्री दाखवलं. १९७८ च्या स्वीडिश ग्रां प्रीत निकी लाउडा अर्ध्या मिनिटाहून जास्त फरकाने जिंकला. बाकीच्यांनी गदारोळ केला, आणि गाडी पुन्हा शर्यतीत उतरली नाही. एक शर्यत, एक विजय.

कारखानेवाले या काळात गप्प नव्हते. नियमात एक वाक्य १९६६ पासून पडून होतं, तीन लिटर किंवा सुपरचार्जरसह दीड लिटर. अकरा वर्षं कुणी त्याच्या वाटेला गेलं नाही. १९७७ मध्ये रेनोने टर्बो आणला. वाया जाणाऱ्या धुराच्या जोरावर फिरणारा पंप, हवा दाबून आत भरायला. गाडी वारंवार पांढरा धूर सोडत बंद पडायची, इंग्रजांनी तिला ‘पिवळी किटली’ नाव ठेवलं. १९७९ मध्ये ती दिजोंला जिंकली आणि हसणं थांबलं. ऐंशीच्या दशकाच्या मध्याला सरावाच्या एका फेरीपुरती हजाराहून जास्त अश्वशक्ती काढणारी दीड लिटरची इंजिनं होती. पण ज्या रेनोने हे सुरू केलं तिला स्वतःच्या टीमचं टर्बो-अजिंक्यपद मिळालंच नाही.

ताकद कारखान्यांकडे, पोटाखालचे पडदे गॅरेजवाल्यांकडे. नियम कुणाच्या बाजूने करायचे यावरून जुंपली, बहिष्कार झाले, १९८२ ची सान मारिनो ग्रां प्री फक्त चौदा गाड्यांवर उरकावी लागली. त्याआधीच १९८१ मध्ये कॉन्कॉर्ड करार झाला होता. टीव्हीचे पैसे कसे वाटायचे आणि नियम कसे बदलायचे हे त्यात लिहिलेलं. कंटाळवाणा कागद, पण टीमचा अर्थ त्याने बदलला. आता शर्यतीतली जागा हीच मालमत्ता झाली. तेव्हापासून बरीचशी टीम बंद पडत नाही, विकली जाते आणि पाटी बदलते. टोलमनची बेनेटन झाली, बेनेटनची रेनो, मग लोटस, पुन्हा रेनो, आता अल्पीन. स्ट्यूअर्टने काढलेली टीम जॅग्वार झाली आणि २००५ मध्ये रेड बुल. जॉर्डनची हस्ते-परहस्ते फोर्स इंडिया झाली, आज ती अॅस्टन मार्टिन आहे. दुसऱ्या कोड्याचं उत्तर यात आलं. नियमाप्रमाणे गाडीचा सांगाडा टीमनेच आखायचा असतो, म्हणून पेयाची कंपनीही ‘निर्माता’ ठरते. इंजिन विकतचं चालतं.

सांगाड्याचं पुढचं पान १९८१ मध्ये मॅकलारेनच्या जॉन बार्नर्डने उलटलं. अॅल्युमिनियमऐवजी कार्बन फायबर. इंग्लंडात कुणी करून देईना, म्हणून अमेरिकेतल्या युटामधल्या हर्क्युलीस कंपनीकडून बनवून आणलं. हे ठिसूळ काहीतरी, धक्क्यात चुरा होईल, अशी शंका होती. त्याच वर्षी मॉन्झाला जॉन वॉटसनची गाडी भिंतीवर आदळून तिचा मागचा भाग तुटून वेगळा झाला. वॉटसन चालत बाहेर आला. त्यानंतर शंका कुणी काढली नाही. याच बार्नर्डला नंतर फेरारीने गाठलं, आणि त्याने अट घातली, इटलीला येणार नाही. मग फेरारीने त्याच्यासाठी इंग्लंडातल्या गिल्डफर्डला कचेरी उघडली. १९८९ ची फेरारी ६४०, स्टीअरिंगमागच्या पट्ट्यांनी गिअर बदलणारी पहिली ग्रां प्री गाडी, तिथे आखली गेली. ‘गाराजिस्ती’ म्हणणाऱ्याच्या लाल गाडीचा नकाशा एका गाराजिस्तीच्या टेबलावर.

नव्वदीत संगणक सस्पेन्शन हलवू लागले, १९९४ पासून त्यांवर बंदी आली, आणि त्याच वर्षी इमोलाच्या शर्यतीला रॅट्झनबर्गर आणि सेना हे दोन ड्रायव्हर दोन दिवसांत अपघातात गेले. नंतरच्या गाड्यांत सुरक्षेचे नियम वेगाच्या नियमांइतकेच जाड झाले. २०१४ पासून इंजिन १.६ लिटरचं टर्बो, जोडीला ब्रेकची आणि, २०२५ पर्यंत, धुराचीही ऊर्जा परत मिळवणाऱ्या विजेच्या मोटारी. हा खर्च कारखान्यालाच झेपणारा, म्हणून २०१४ ते २०२१ अशी सलग आठ वर्षं निर्मात्यांचं अजिंक्यपद मर्सिडीजकडे राहिलं.

पण ती मर्सिडीज कोण ते बघा. केन टिरेलने टीम विकली तेव्हा त्याच्या जागेवर १९९९ मध्ये बीएआर नावाची टीम आली आणि तिने ब्रॅक्ली गावात नवा कारखाना बांधला. २००६ मध्ये ती होंडा झाली. २००८ च्या अखेरीला होंडाने कारखान्यांच्या रीतीप्रमाणे अंग काढलं, आणि टीमप्रमुख रॉस ब्रॉनने ती एका पौंडाला घेतली. नियमातली एक फट शोधून पोटाखालच्या हवेला दुहेरी वाट करून दिलेली गाडी तयार होतीच. २००९ ची चालकांचं आणि निर्मात्यांचं अशी दोन्ही अजिंक्यपदं ब्रॉनच्या टीमला मिळाली, आणि मर्सिडीजने टीम विकत घेतली. इंजिनं येतात ब्रिक्सवर्थ गावातून. तिथली कंपनी १९८४ च्या सुमारास दोघांनी काढली, मारिओ इलिएन आणि पॉल मॉर्गन. दोघेही आधी कॉसवर्थमध्ये होते. डीएफव्हीचं नॉर्थॅम्प्टन तिथून हाकेच्या अंतरावर. आठ वर्षं पोडियमवर टीमसाठी जर्मन राष्ट्रगीत वाजत राहिलं.